डाव्हिन्ची रिझॉल्व्ह स्टुडिओ: वर्षानुवर्षं चालणाऱ्या डॉक्युमेंटरीला पुरतं का?

सरळच सांगते, डॉक्युमेंटरीवर पोट भरायचं ठरवलं असेल आणि एडिटिंगच्या एकाच सॉफ्टवेअरवर पैसे घालायची ऐपत असेल तर ते रिझॉल्व्ह स्टुडिओवर घाला. मी पुण्यात राहून डॉक्युमेंटरी करते, कधी दुसऱ्याची एडिट करते, कधी स्वतः शूट करून स्वतःच एडिटला बसते, आणि मधल्या काळात संस्थांच्या, सीएसआरच्या (कंपन्यांच्या सामाजिक कामांच्या) फिल्म घेते कारण घरभाडं त्यातूनच निघतं. यूट्यूबवर रिझॉल्व्हचे रिव्ह्यू पायलीला पन्नास सापडतील पण बहुतेक सगळे व्लॉग, लग्नं, रील नाहीतर जाहिराती करणाऱ्यांचे. त्यांचं काम आठवड्यात हातावेगळं होतं, पैसे आले, फोल्डर बंद. आपलं तसं नसतं, आपलं एकेक प्रोजेक्ट चार-चार पाच-पाच वर्षं उघडं पडलेलं असतं, मधेच पैसे संपतात, मधेच ज्याच्यावर फिल्म चालू आहे तो माणूस गाव सोडून जातो, पाऊस येतो, निवडणूक येते, मग परत कधीतरी हार्ड डिस्क काढून बसायचं. त्या कामासाठी हे सॉफ्टवेअर कसं आहे, एवढंच मी इथे लिहितेय. मी व्हर्जन १९ वर आहे, विंडोजचं मशीन.

आधी पैशाचं बोलूया. रिझॉल्व्हचं एक व्हर्जन फुकट आहे आणि दुसरं स्टुडिओ, त्याची किंमत २९५ डॉलर, इथे घेताना कर लागतो तो वेगळा. हे पैसे एकदाच द्यायचे. दर महिन्याचं भाडं नाही, आणि आजवर जेवढी नवीन व्हर्जन आली ती सगळी जुन्या लायसन्सवर फुकट मिळालीयेत. एका ॲक्टिव्हेशन कीवर दोन मशीन चालतात, म्हणजे घरचा डेस्कटॉप आणि बाहेर न्यायचा लॅपटॉप. अडोबीने २०१३ मध्ये सगळं क्रिएटिव्ह क्लाउडच्या भाड्यावर नेलं तेव्हापासून त्यांचं एडिटिंगचं प्रीमियर वापरायचं तर महिन्याचे पैसे भरत राहायचे, भाडं थांबलं की सॉफ्टवेअर थांबलं. ज्याला दर महिन्याला काम आहे त्याला ते परवडतंही, त्यात काही चूक नाही. पण डॉक्युमेंटरीवाल्याचा महिना महिन्यासारखा नसतो हो. सहा महिने काम असतं आणि नंतरचे सहा महिने ग्रँटचा अर्ज करून उत्तराची वाट बघण्यात जातात. नेमक्या त्याच रिकाम्या काळात स्वतःच्या फिल्मवर बसायला वेळ असतो, आणि नेमकं तेव्हाच भाडं भरायला पैसे नसतात. म्हणून ही एकदाच भरायची किंमत माझ्या दृष्टीने सगळ्या फीचर्सच्या वरची गोष्ट आहे.

ही काळजी उगाच नाहीये. आनंद पटवर्धनांचं उदाहरण घ्या, आपल्याकडे स्वतः शूट करून स्वतः एडिट करणाऱ्या फिल्ममेकरांमध्ये सगळ्यात लांबची कारकीर्द त्यांचीच म्हणावी लागेल, १९७० च्या दशकात सुरुवात आणि २०२३ मध्येही नवीन फिल्म. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांनी गोळीबार केला, त्यानंतर शाहीर विलास घोगरेंनी आत्महत्या केली, तिथून सुरू झालेली ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाली २०११ मध्ये. चौदा वर्षं. आता या चौदा वर्षांत एडिटिंगच्या टेबलावर काय काय झालं बघा. १९९९ मध्ये ॲपलचं फायनल कट प्रो आलं, छोट्या फिल्ममेकरला पहिल्यांदाच घरच्या मॅकवर फिल्म एडिट करणं परवडायला लागलं, टेपवरून कार्डावर शूटिंग आलं, आणि २०११ मध्येच ॲपलने जुनं फायनल कट (त्याचं शेवटचं व्हर्जन सेव्हन) बंद करून एक्स नावाचं सगळंच वेगळं सॉफ्टवेअर काढलं ज्यात जुनं प्रोजेक्ट सरळ उघडतही नव्हतं. पुढे मॅकची नवीन सिस्टिम आली तसं फायनल कट सेव्हन चालायचंच बंद झालं. म्हणजे एका फिल्मला जेवढा काळ लागला तेवढ्यात एक अख्खं सॉफ्टवेअर जन्माला येऊन संपलंसुद्धा. माझ्या ओळखीत अशी माणसं आहेत ज्यांची दहा-दहा वर्षांची कामं त्या फायनल कट सेव्हनच्या फाइलींमध्ये अडकून पडलीयेत, रशेस म्हणजे कच्चं फुटेज आहे, टेप डिजिटाइज केलेल्या आहेत, पण कुठला शॉट कुठे लावला होता ती टाइमलाइनच उघडत नाही. ज्यांनी वेळेत एक्सएमएल, म्हणजे दुसऱ्या सॉफ्टवेअरला वाचता येईल अशी टाइमलाइनची फाइल, काढून ठेवली ती वाचली. त्या एक्सएमएल रिझॉल्व्ह आजही घेतं, मी स्वतः एका ज्येष्ठ दिग्दर्शकांची जुनी फिल्म तशी आणून दिलीये. डिझॉल्व्ह आणि टायटल गेली, आवाजाच्या लेव्हल इकडेतिकडे झाल्या, पण कट सगळे जागेवर होते. ते बघून त्यांच्या डोळ्यात पाणी आलं होतं, खरंच.

रिझॉल्व्ह मुळात एडिटिंगचं सॉफ्टवेअर नव्हतंच. ते मूळचं दा विंची सिस्टिम्सचं, फिल्मचे रंग दुरुस्त करायची मशीनं बनवणारी ही कंपनी, मोठमोठ्या लॅबमध्ये लाखो डॉलरची ती मशीनं असायची. २००९ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या ब्लॅकमॅजिक डिझाइनने ती विकत घेतली, २०१० मध्ये मॅकवर चालणारं सॉफ्टवेअर ९९५ डॉलरला काढलं, पुढच्या वर्षी फुकट व्हर्जन. २०१७ मध्ये स्टुडिओची किंमत तीनशे डॉलरच्या आत आली आणि फेअरलाइटचं साउंड आत बसवलं, २०१८ मध्ये इफेक्ट्सचं फ्यूजन, २०१९ मध्ये झटपट एडिटिंगचं कट पेज. आता खाली ओळीने सात पेज दिसतात, मीडिया, कट, एडिट, फ्यूजन, कलर, फेअरलाइट, डिलिव्हर. डॉक्युमेंटरीत फ्यूजनला फारसं हात लावायचं काम पडत नाही, एखादा नकाशा हलवायचा असला तर तेवढंच.

आता मुख्य काम. गेली काही वर्षं मी बीड जिल्ह्यातून कोल्हापूर-सांगलीकडे ऊसतोडीला जाणाऱ्या बायकांवर एक फिल्म करतेय. दिवाळीच्या आगेमागे टोळ्या निघतात, मुकादमाकडून उचल म्हणजे आगाऊ पैसे घेतलेले असतात, नवराबायको मिळून एक कोयता धरला जातो, आणि साधारण मार्च-एप्रिलपर्यंत कारखाना चालतो तोपर्यंत उसाच्या फडावरच कोप्या (झोपड्या) ठोकून राहायचं. म्हणजे शूटिंग वर्षातून तेवढ्याच महिन्यांत, एक सीझन चुकला की पुढच्या वर्षापर्यंत थांबा. फुटेज शंभर तासांच्या वर गेलंय आणि फिल्म व्हायचीये तासाभराची.

एवढं फुटेज सांभाळायचं तर रिझॉल्व्हचं मीडिया पेज बघा. आवाज मी वेगळ्या रेकॉर्डरवर घेते, तो व्हिडिओशी सिंक करायला टाइमकोड नसला तरी वेव्हफॉर्मवरून, म्हणजे आवाजाच्या आलेखावरून, जुळवता येतो, अख्खा बिन (क्लिपचं फोल्डर) निवडायचा आणि एका क्लिकवर सोडून द्यायचं, चहा होईपर्यंत झालेलं असतं. मग प्रत्येक क्लिपला कीवर्ड द्यायचे, गाव, माणसाचं नाव, काय चाललंय, पहाट की दुपार. त्या कीवर्डवरून स्मार्ट बिन बनतात, आणि हे मला फार उपयोगी पडतं कारण तीन सीझनच्या फुटेजमधून ‘चूल’ एवढं काढायचं म्हटलं की सगळ्या वर्षांच्या सगळ्या चुली एका बिनमध्ये येऊन बसतात. कीवर्ड देवनागरीत लिहिले तरी चालतात. हे सगळं करायला कंटाळा येतो हे मान्य आहे, महिनाभर नुसतं लेबलं लावत बसलंय असं वाटतं, पण डॉक्युमेंटरीची पटकथा म्हणजे हेच काम असतं, ते आधी केलं नाही तर पुढे टाइमलाइनवर बसून रडायची वेळ येते.

ट्रान्सक्रिप्शनबद्दल मात्र जरा निराशा आहे. व्हर्जन १८.५ पासून, म्हणजे २०२३ पासून, स्टुडिओमध्ये बोललेलं आपोआप लिहून निघतं आणि त्या मजकुरावरून वाक्य निवडून टाइमलाइनवर टाकता येतं. इंग्रजी इंटरव्ह्यू असेल तर दिवसांचं काम तासांवर येतं, मी एका संस्थेच्या फिल्मला वापरलंय, खरंच जबरदस्त आहे. पण भाषांच्या यादीत मराठी नाही. प्रीमियरमध्ये निदान हिंदी आहे. आपल्याकडे आठ-नऊ कोटी लोक बोलतात ती भाषा यांना अजून दिसत नाही याचं वाईट वाटतं, कंपनीला लिहायला हवं आपण सगळ्यांनी, जितके जास्त लिहितील तितकं बरं. तोपर्यंत मी काय करते तर व्हिस्पर नावाचं फुकट मिळणारं सॉफ्टवेअर आहे ते मराठी ओळखतं, त्यातून एसआरटी म्हणजे सबटायटलची फाइल काढते आणि ती रिझॉल्व्हच्या सबटायटल ट्रॅकवर टाकते. शहरी बोलणं बऱ्यापैकी येतं. पण बीडमधल्या शिरूर कासारच्या बाईचं बोलणं आलं की ‘वाढं’चं (उसाचे हिरवे शेंडे) ‘वाढ’ होतं, ‘कोपी’ची ‘कॉपी’ होते, आणि अर्धं वाक्य गायब. मग हेडफोन लावून हाताने दुरुस्त करायचं. ते करताना एक फायदा असा होतो की प्रत्येक बाईचं बोलणं तिच्या श्वासासकट पाठ होतं, कुठे थांबते, कुठे हसून विषय बदलते. नवीन मुलांना मी सांगते की मराठी इंटरव्ह्यू निदान एकदा तरी स्वतः कानाने उतरवून काढा, असिस्टंटवर सोडू नका.

आणि सबटायटलचा विषय निघालाय म्हणून, देवनागरी टायटल टाकताना जोडाक्षरं आधी तपासून घ्या. ‘कारखान्याच्या’, ‘ज्ञान’, ‘वाऱ्यावर’ असे शब्द मुद्दाम टाकून बघायचे, साध्या टेक्स्टमध्ये एक, टेक्स्ट प्लस या दुसऱ्या टायटल टूलमध्ये एक, वेगवेगळे फाँट लावून, आणि मग एक छोटं एक्सपोर्ट काढून दुसऱ्या स्क्रीनवर. फेस्टिव्हलच्या मोठ्या पडद्यावर बाईच्या नावातलं जोडाक्षर तुटलेलं दिसणं हा त्या बाईचा अपमान आहे असं मी मानते.

प्रत्यक्ष कटिंगला हात कसा आहे ते एका प्रसंगावरून सांगते, कारण तिथेच एडिटरला सॉफ्टवेअर कळतं. फडावर एक बाई वाढं बांधत बसलीये. तिला विचारलं की मोठी मुलगी यंदा शाळेत गेली का. बाई उत्तर देत नाही. हात चालूच, पेंढी वळतीये, गाठ मारतीये, दुसरी पेंढी ओढली. लांबून ट्रॅक्टरचा आवाज. मग खालीच बघत म्हणते, “तिला बारक्याला सांभाळाया ठिवलंय.” आणि परत गाठ. आता इथे कापायचं कुठे? प्रश्न ठेवायचा का? गप्प बसणं किती धरायचं? सोबतच्या दिग्दर्शकाचं म्हणणं पडलं की प्रश्नानंतर लगेच उत्तरावर जाऊ, प्रेक्षक थांबत नाही. मी म्हटलं बाईने जेवढा वेळ घेतलाय तेवढा तरी द्यायला हवा. मग ट्रिम मोडमध्ये बसलो. रिझॉल्व्हमध्ये टी दाबलं की ट्रिम मोड येतो आणि रिपल, रोल, स्लिप, स्लाइड यातल्या कुठल्या पद्धतीने कट सरकणार ते कर्सर क्लिपच्या कुठल्या भागावर आहे त्यावरून ठरतं, टूल बदलत बसावं लागत नाही. डब्ल्यू दाबलं की डायनॅमिक ट्रिम, म्हणजे जे-के-एल या बटणांनी चालू व्हिडिओ बघता बघता कट मागेपुढे सरकतो. हे मला फार आवडतं कारण कट डोळ्याने नाही तर तालाने ठरतो, बाईच्या हाताच्या तालाने. शेवटी आम्ही पहिली गाठ पूर्ण होऊ दिली, दुसरी पेंढी ओढताना तिच्या मानेची हालचाल होते तिथे पोचून उत्तर, आणि उत्तरानंतरची गाठ पूर्ण न होऊ देता पुढचा शॉट. पुढच्या शॉटमधला कोपीतल्या पोराच्या रडण्याचा आवाज मात्र तिच्या उत्तराच्या आधीच खालून सुरू होतो, याला ‘जे कट’ म्हणतात. पाचेक फ्रेमचा फरक पडला तरी सगळा भाव बदलत होता, दुपार गेली त्यात. ज्या सॉफ्टवेअरमध्ये एवढं बारीक काम करताना मधेच प्लेबॅक अडखळत नाही आणि हात बटणांवरून उचलावा लागत नाही ते माझ्यासाठी चांगलं सॉफ्टवेअर.

प्लेबॅक अडखळू नये म्हणून प्रॉक्सी करून घ्या, त्यात कंजूसपणा नको. ब्लॅकमॅजिकचं प्रॉक्सी जनरेटर नावाचं वेगळं छोटं ॲप येतं, एखादं फोल्डर दाखवून दिलं की त्यात पडेल त्या फाइलींच्या हलक्या कॉप्या बनवत राहतं. शूटवरून आलं की कार्ड उतरवायचं, ते लावायचं, आणि झोपायचं.

साउंडमध्ये व्हॉइस आयसोलेशन हे स्टुडिओमधलं फीचर ट्रॅक्टर, पंखे, रस्ता असला आवाज मागे ढकलून बोलणं पुढे आणतं. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा जादूच वाटते. पण पूर्ण चढवलं की माणूस डबीत बसून बोलतोय असं वाटायला लागतं आणि फडाचा वारा, पाचटाची खसखस, लांबून येणारी बैलांच्या घुंगरांची किणकिण सगळं पुसलं जातं. मग ती बाई कुठे बसून बोलतीये हेच राहत नाही. मी अर्ध्याच्याही खाली ठेवते आणि त्याच जागेचा रूम टोन वेगळा रेकॉर्ड केलेला असतो तो खाली पसरवते. शूटिंगला गेलात की निघताना सगळ्यांना मिनिटभर गप्प करून जागेचा आवाज घ्या, कुठल्याही सॉफ्टवेअरपेक्षा त्याने जास्त काम भागतं.

कलरबद्दल जास्त लिहित नाही, ते यांचं मूळ दुकानच आहे आणि जगभर नावाजलेलं आहे. फक्त एक, उन्हात काम करणाऱ्या माणसांची कातडी ग्रेड करताना, म्हणजे रंग ठरवताना, उगाच उजळवू नका. संस्थांच्या फिल्ममध्ये सगळ्यांना केशरी-पिवळं करून टाकायची पद्धत पडलीये, गरीब असला की ऊबदार पिवळा, आणि मला ते बघवत नाही. रात्री चुलीच्या उजेडात शूट केलेल्या फुटेजला नॉइज रिडक्शन, म्हणजे अंधारातले दाणे पुसणं, लागतं आणि ते फक्त स्टुडिओमध्ये आहे, माझ्या फिल्मला तर त्या एका गोष्टीसाठीसुद्धा लायसन्सचे पैसे वसूल झाले असते.

आता जी गोष्ट मला मनापासून खटकते ती. रिझॉल्व्हमध्ये सगळं एकाच ठिकाणी आहे म्हणून बाजारात असा समज पसरलाय की एडिटर म्हणजे एडिट, कलर, साउंड, सबटायटल, टायटल, पोस्टर सगळं करणारा माणूस. एका निर्मात्यांनी मला एडिटचे पैसे ठरवून रफ कट झाल्यावर सांगितलं की कलर आणि मिक्सिंग त्यातच धरलंय ना, तुमच्याकडे सगळं एकाच सॉफ्टवेअरमध्ये आहे की. सॉफ्टवेअर एक असलं म्हणून काम एक होत नाही! साउंड डिझायनरचा कान वेगळा असतो, कलरिस्टची नजर वेगळी असते, ते वर्षानुवर्षं तेच करत आलेले असतात. छोट्या फिल्मला सगळं स्वतः करावं लागतं हे मला माहितीये, मीही करते, पण मग कागदावर प्रत्येक कामाची ओळ वेगळी आणि रक्कम वेगळी लिहा. किती कट दाखवणार, किती वेळा बदल करून देणार, सबटायटल कोण करणार, हे पण लिहा. आणि थोडे जरी पैसे असले तरी साउंड बाहेर द्या. रिझॉल्व्हमधून एएएफ नावाची फाइल काढून प्रो टूल्स या साउंडच्या सॉफ्टवेअरवर काम करणाऱ्याला देता येते, मी प्रत्येक वेळी जमेल तेव्हा तेच करते. एफटीआयआयमधून किंवा मास कॉममधून बाहेर पडून नुकतंच काम सुरू केलेल्या मुलामुलींनी तर हे सुरुवातीपासूनच पाळावं, एकदा पडलेली सवय मोडायला फार जड जातं.

मशीनचं म्हणाल तर रिझॉल्व्हला ग्राफिक्स कार्ड लागतं, त्याचा सगळा जोर त्यावरच. रॅम कमीत कमी १६ जीबी, ३२ असली तर मनाला शांतता. मी पुण्यातल्या इलेक्ट्रॉनिक्सच्या बाजारात, तपकीर गल्लीत हिंडून एकेक पार्ट घेऊन मशीन असेंबल केलं आणि ग्राफिक्स कार्डावर सगळ्यात जास्त पैसे घातले, कॅबिनेट आणि लाइटवर शून्य. नवे ॲपल सिलिकॉनचे मॅकही छान चालतात, त्यात वाद नाही. लिनक्सवर जाणार असाल तर मात्र लक्षात असू द्या, तिथे फुकट व्हर्जन एच २६४ च्या (बऱ्याच कॅमेऱ्यांतून निघतात त्या) फाइली घेत नाही.

पहिलं फुटेज आत घ्यायच्या आधी प्रोजेक्टचा फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, ठरवा, नंतर तो बदलता येत नाही. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, ट्यूबलाइट फडफडू नये म्हणून मी २५ वरच शूट करते आणि प्रोजेक्टही २५ चं. सेटिंगमध्ये प्रोजेक्ट बॅकअप चालू आहे ना तेही त्याच दिवशी बघा. रिझॉल्व्ह तुमचं प्रोजेक्ट फाइलसारखं फोल्डरमध्ये ठेवत नाही, त्याची स्वतःची लायब्ररी असते, त्यामुळे मशीन गेलं की लायब्ररीही जाऊ शकते हे नवीन माणसाच्या लक्षात येत नाही. रोज काम संपलं की प्रोजेक्ट एक्सपोर्ट करून डीआरपी फाइल काढायची, एवढीशी असते, ती स्वतःला मेल करायची किंवा ड्राइव्हवर टाकायची. मागच्या पावसाळ्यात माझी एक नावाजलेल्या कंपनीची हार्ड डिस्क एका सकाळी उठलीच नाही, त्यावर लायब्ररीही होती आणि फुटेजही. फुटेजची दुसरी कॉपी बहिणीकडे नाशिकला ठेवलेली, डीआरपी मेलमध्ये, दोन्ही आणून रिलिंक केलं आणि संध्याकाळी टाइमलाइन जशीच्या तशी उभी. फुटेजच्या कॉप्या तीन ठेवा, त्यातली एक दुसऱ्या घरात. आणि चालू फिल्म नवीन व्हर्जनमध्ये उघडायची घाई करू नका, एकदा वरच्या व्हर्जनमध्ये गेलेलं प्रोजेक्ट खालच्यात परत येत नाही. फिल्म लॉक झाली की अपडेट करा.

फुकट व्हर्जन की स्टुडिओ? शिकताय, पहिली छोटी फिल्म करताय, तर फुकटच घ्या, बिनधास्त. कटिंग पूर्ण आहे, कलर जवळपास पूर्ण आहे, यूएचडी म्हणजे ३८४० बाय २१६० पर्यंत एक्सपोर्ट निघतं, वॉटरमार्क नाही, मुदत नाही. फक्त तुमच्या कॅमेऱ्याची १० बिट फाइल उघडते का ते आधी एक क्लिप टाकून तपासा, नसेल तर बाहेर कन्व्हर्ट करून आणा. पैसे घालायची वेळ कधी येते तर रात्रीचं फुटेज जास्त असेल, गोंगाटातले इंटरव्ह्यू असतील, इंग्रजी ट्रान्सक्रिप्शन लागत असेल, किंवा थिएटरसाठी ४०९६ चं ४के आणि डीसीपी (थिएटरच्या प्रोजेक्टरला लागणारं स्वरूप) काढायचं असेल तेव्हा. मुंबईचा मिफ हा डॉक्युमेंटरी आणि छोट्या फिल्मचा फेस्टिव्हल १९९० पासून चालू आहे, आधी सरकारचं फिल्म्स डिव्हिजन करायचं, २०२२ मध्ये ते एनएफडीसी या सरकारी फिल्म कंपनीत विलीन झालं आणि आता एनएफडीसी करतं. तिथे किंवा केरळच्या फेस्टिव्हलला मोठ्या पडद्यावर फिल्म लागायची तर फाइल कुठल्या स्वरूपात द्यायची ते नियमात नीट वाचा आणि त्याप्रमाणे घरूनच काढून द्या. लॅबला द्यायचे पैसे वाचतात आणि शेवटच्या रात्री सबटायटलमधली चूक सापडली तर स्वतःच दुरुस्त करता येते.

शिकायला क्लास लावायची गरज नाही. ब्लॅकमॅजिकच्या साइटवर त्यांची ट्रेनिंगची पुस्तकं पीडीएफमध्ये फुकट आहेत, सोबत सरावाचं फुटेजही, ती ओळीने करत गेलात तर दीड-दोन महिन्यांत हात बसतो. इंग्रजीत आहेत हा एक अडसर आहे, आमच्या भागातल्या मुलांना त्याचा त्रास होतो हे मी पाहिलंय, म्हणून सध्या आम्ही दोघीतिघी मिळून शनिवारी घरीच मराठीतून शिकवतो, स्वतःचं फुटेज घेऊन या आणि बसा. लॅपटॉप नसला तरी चालतं, माझं मशीन आहे.

लायसन्स घेताना अधिकृत डीलरकडूनच घ्या, जीएसटी बिल मागा, संस्थेच्या बजेटमध्ये दाखवायला लागतं. ऑनलाइन दोन-तीन हजारात की देतो म्हणणारे भरपूर आहेत, त्यांच्या नादाला लागू नका, ती की उद्या बंद पडली तर चार वर्षांचं काम तिथेच थांबेल. सारखी वेगवेगळ्या मशीनवर कामं करत असाल तर कीऐवजी डाँगल मागा, यूएसबीसारखा असतो, ज्या मशीनला लावाल तिथे स्टुडिओ चालू. मी डाँगलच घेतलाय, किल्ल्यांच्या जुडग्यात असतो.